निजवलेला पट्टा

माझ्या मावशीला तळ्याकाठी सगळे 'वीत' म्हणतात. समोर कुणी म्हणत नाही, पण तिला ते माहीत आहे. ती बुटकी आहे म्हणून हे नाव पडलं असं नव्या माणसाला वाटतं. खरं कारण लव्हाळ्यात आहे. लव्हाळा कापायचा तो पाण्याच्या वर वीतभर खुंट ठेवून, हे ती इतकी वर्षं सांगत आली आहे की तो हिशेब तिच्या नावालाच चिकटला. कापणीच्या दिवसांत ती होडीच्या टोकाला बसते आणि कुणाचा विळा खाली गेलेला दिसला की अंगठा आणि करंगळी ताणून नुसता हात पुढे धरते. बोलत काही नाही. कापणारा निमूटपणे विळा वर घेतो. "शिव्या दिल्या असत्या तर परवडलं असतं," असं माझी वहिनी, म्हणजे मावशीची सून, म्हणते.

तळ्याच्या काठाला लागूनच चटयांचं लांबलचक शेड आहे. दारातच लव्हाळा भिजवायचा हौद, त्यानंतर दांडे चपटे करायचे लाकडी रूळ, आणि मग भिंतीपर्यंत मागांची रांग. आत शिरल्यावर ओल्या वहीसारखा वास येतो. माग चालू असतात तेव्हा कुजबुजायचं असलं तरी ओरडून कुजबुजावं लागतं, त्यामुळे त्या शेडमध्ये कुणाचंही गुपित दुपारच्या जेवणापलीकडे टिकत नाही. चटया, टोपल्या, खुर्च्यांच्या बैठका, पडदे असं सगळं इथून बाहेर जातं, आणि तळ्याकाठच्या बहुतेक घरांची चूल त्यावर पेटते.

तळ्यातलं लव्हाळ्याचं रान खांब रोवून पट्ट्यांमध्ये वाटलेलं आहे. दर थंडीत दांडे पिवळे पडले की कापणी होते, पण सगळ्या पट्ट्यांची नाही. एखादा पट्टा त्या वर्षापुरता सोडून देतात. त्याला 'निजवणं' म्हणतात. कुठला पट्टा निजवायचा, कापणी कधी सुरू करायची, कधी थांबवायची, हे ज्या माणसाकडे राखण असते तो ठरवतो. त्याच्याशी हवं तेवढं भांडावं, तोंड सुजवून बसावं, पण शेवटी त्याचा शब्द पाळावा, अशी तिथली रीत. राखण गेली कितीतरी वर्षं मावशीकडे आहे. त्याआधी ती काकांकडे, म्हणजे मावशीच्या नवऱ्याकडे होती.

काकांच्या हातून झालेली चूक अशी, की लव्हाळ्यात काम न केलेल्या माणसाला ती चूक वाटणारही नाही. एका थंडीत तळ्याचं पाणी फार खाली गेलं होतं. काकांनी रिवाजाप्रमाणे पाण्यावर वीतभर ठेवून मधला सगळा पट्टा कापून घेतला. माल उत्तम निघाला, सगळे खूश झाले. आठवड्याभरात वरच्या अंगाचा पाणीसाठा सोडला गेला, तळ्याच्या तोंडाचे दरवाजे बंद झाले आणि पाणी कमरेइतकं चढलं. कापलेले खुंट बुडाले. लव्हाळ्याची मुळं त्या पोकळ खुंटांतूनच श्वास घेतात. खुंट पाण्याखाली गेले की मुळं गुदमरतात. पुढच्या वर्षी मधल्या पट्ट्यात एक कोंब आला नाही. काकांनी कापणीआधी दरवाजेवाल्याला एका शब्दानं विचारलं असतं तर हे टळलं असतं. पण तोवर कुणीच कधी विचारलं नव्हतं.

त्यानंतरची वर्षं वाईट गेली. निम्मे माग बंद पडले. शेजारची दोन कुटुंबं शहरात गेली ती परत आली नाहीत. काकांनी राखण सोडली. ती घ्यायला कुणी पुढे येईना, तेव्हा मावशी उभी राहिली. तिनं पहिलं काम केलं ते पूर्वेचा पट्टा निजवण्याचं, पण एका वर्षापुरता नाही. "हे आपलं बी आहे," ती म्हणाली. "ह्याला विळा लागायचा नाही." ती चुकली नव्हती. पूर्वेकडून मुळं हळूहळू सरकत आली आणि काही वर्षांत मधला पट्टा पुन्हा हिरवा झाला. काकांनी तो पाहिला. त्यानंतर ते फार जगले नाहीत, पण तो पाहून गेले, असं मावशी अजून सांगते.

मधला पट्टा भरून आला तरी पूर्वेचा निजलेलाच राहिला.

मी सुट्टीत तिच्याकडे गेले होते तेव्हा घरात त्यावरूनच जुंपली होती. फळं परदेशी पाठवणाऱ्या एका मोठ्या व्यापाऱ्याला पेट्यांमध्ये प्लॅस्टिकऐवजी लव्हाळ्याच्या चटया घालायच्या होत्या. नमुना त्याला आवडला होता. काम मिळालं तर बंद पडलेले मागही वर्षभर चालले असते. पण त्याला लागणारा माल चालू पट्ट्यांतून निघण्यासारखा नव्हता. शेडचं सगळं बघणारा माझा मावसभाऊ, ज्याला मी दादा म्हणते, पूर्वेच्या पट्ट्याकडे बोट दाखवत होता.

"सगळा नाही गं आई, निम्मा काप म्हणतोय," जेवताना तो म्हणाला. "निम्मा राहू दे तुझ्या बियाला."

"आज निम्मा, उद्या निम्म्याचा निम्मा."

"मग कुलूप लाव त्याला. तिजोरीचं."

"लावीन. तुझ्या तोंडाला लावून उरलं तर."

वहिनी हसली. दादाही हसला, पण त्यानं मुद्दा सोडला नाही. "दुधानं तोंड पोळलं म्हणून ताक फुंकून पितेस, कबूल. पण किती फुंकायचं? फुंकता फुंकता नासायचं ते."

मावशीनं ताट पुढे सरकवलं. "पोळलेलं तोंड माझं होतं," ती म्हणाली. "तुला तेव्हा दात येत होते."

मग दादा समजुतीच्या सुरात म्हणाला, "ठीक आहे. कापू नकोस. निदान एकदा आत जाऊन बघू तरी दे, काय माल आहे ते. कितीतरी वर्षांत आत कुणी गेलेलं नाही."

"तू नाही जायचं. तू गेलास की विळा घेऊन जाशील. मीच बघते."

दुसऱ्या दिवशी सकाळी ती मला बरोबर घेऊन निघाली. मी हलकी, होडी फार खाली बसणार नाही, हे एक कारण. दुसरं तिनं सांगितलं नाही. मला वाटतं, तिला दादाला नेऊन दाखवण्याआधी आपला पट्टा एकदा एकटीनं डोळे भरून बघायचा होता.

बाहेरून पूर्वेचा पट्टा फार देखणा दिसतो. माणसाच्या दुप्पट उंच दांडे, टोकाला तपकिरी कणसं, आणि वारा आला की सगळी भिंत एकदम एका कुशीवर वळते. मावशी वल्हं मारता मारता अभिमानानं बोलत होती. "बघ, कसा भरलाय. चालू पट्ट्यात असा दांडा दिसतो का तुला?" मग तिनं होडीचं टोक त्या हिरव्या भिंतीत घातलं आणि दांडे बाजूला सारत आम्ही आत शिरलो.

हिरवं होतं ते फार तर दोन होड्यांच्या लांबीइतकं. पुढे रंग गेला. जुने दांडे करडे पडून एकावर एक आडवे झाले होते, वर्षामागून वर्षाचे थर, जसे न झाडलेल्या खोलीत कागद साचतात. होडी पुढे जाईना. मावशीनं वल्ह्यानं खाली टोचून पाहिलं. वल्हं पाण्यात न जाता मऊसर गादीत रुतलं. ती उठली आणि एक पाय होडीबाहेर टाकला. मी घाबरून तिचा दंड धरला, पण ती बुडाली नाही. तळ्याच्या मधोमध माझी मावशी घोट्यापर्यंत कुजलेल्या लव्हाळ्यावर उभी होती.

आत काटेरी झुडपं उगवली होती. एका जागी चक्क एक लहानसं झाड होतं. पाणी म्हणावं असं काही नव्हतं, खाचांमधून काळा ओलावा तेवढा दिसत होता, आणि त्याला वास येत होता. मावशीनं वाकून थर उचकटला. खाली मुळं होती. तिनं एक मूळ ओढलं, ते सहज हातात आलं. तिनं ते दाबलं तसं त्याचा चिखल झाला. ती आणखी थोडी पुढे गेली, तिथेही उचकटलं. मग आणखी पुढे. मी होडीतून तिची पाठ बघत राहिले. नवा कोंब यायला उजेड लागतो, खाली वाहतं पाणी लागतं, हे मला तिनंच लहानपणी शिकवलं होतं. जुना दांडा काढला नाही तर तो तिथेच पडतो आणि त्याच्याखाली पुढचा गुदमरतो. हे ती कधी विसरली होती असं नाही. तिनं ते ह्या पट्ट्याला कधी लावून पाहिलं नव्हतं.

परतताना ती एकच वाक्य बोलली. "कडेचंच बघत राहिले मी."

घरी दादानं विचारलं, "काय आहे आत?" ती म्हणाली, "बघितलं. सांगेन," आणि कपडे धुवायला गेली. तिच्या साडीचा काठ काळा झाला होता. दादानं माझ्याकडे पाहिलं. मी मान खाली घातली. सांगायचं तर तिनंच सांगायला हवं होतं.

दोन दिवसांनी शेडमध्ये बैठक भरली. व्यापाऱ्याला उत्तर द्यायचं होतं. माग बंद ठेवून सगळे लव्हाळ्याच्या भाऱ्यांवर बसले. दादानं त्याचं म्हणणं मांडलं आणि नीट मांडलं. काम आलं तर कुणाचा माग सुरू होईल, कुणाच्या मुलाला शहरात जावं लागणार नाही, हे त्यानं नाव न घेता सांगितलं तरी ज्याचं त्याला कळत होतं. त्यानंतर मास्तर उठले. मास्तर म्हणजे शेडमधले सगळ्यात जुने विणकर. त्यांच्या हाताखाली शिकला नाही असा तिथे माणूस नाही.

"राखणीचा शब्द म्हणजे शब्द," ते म्हणाले. "पूर्वेला विळा लावायचा नाही असं ठरलंय. पोट सगळ्यांना आहे, मलाही आहे. पण एकदा आपण हावरेपणा केला आणि पोराबाळांना उपाशी ठेवलं. ही वीत नसती ना, तर आज आपण सगळे कुणाच्या तरी पायऱ्या पुसत असतो."

आपण काय बोलून गेलो हे त्यांच्या लक्षात आलं आणि ते खाकरले. मागे दबलेलं हसू पसरलं. पण माना त्यांच्याच बाजूनं हलत होत्या. दादा खाली बसला. तो हरला होता, आणि त्याला ते मान्य होतं हे त्याच्या चेहऱ्यावर दिसत होतं. मावशीनं नुसतं गप्प राहायचं होतं. पट्टा निजलेला राहिला असता, तिचा शब्द राहिला असता, आणि आत काय आहे हे आणखी किती वर्षं कुणाला कळलं नसतं कोण जाणे. तिच्याशेजारी बसले होते म्हणून मला दिसलं, तिनं पदराचं टोक बोटाला इतकं घट्ट गुंडाळलं होतं की बोट पांढरं पडलं होतं.

"मास्तर, थांबा," ती म्हणाली. "पट्टा मेलाय."

मास्तरांना नीट ऐकू आलं नाही असं वाटलं. "काय झालंय?"

"पूर्वेचा पट्टा मेलाय. आतून. मी परवा जाऊन आले."

"मेला कसा? कालच काठावरून बघितला मी. हिरवागार आहे."

"काठालाच आहे." मग तिनं पाहिलं ते सगळं सांगितलं. गादीसारखे थर, झुडपं, हातात आलेलं मूळ. ती सावकाश आणि एका सुरात बोलली, जशी ती कुणाला कापणीचं काम वाटून देते. "बुडून नाही मेला. न कापून मेला. वर्ष-दोन वर्षं निजवायचा तो मी निजवतच राहिले. दादा विचारत होता, आणखीही दोघांनी विचारलं होतं मागे. मी कुणाला आत जाऊ दिलं नाही."

हौदाचा नळ ठिबकत होता तो ऐकू येत होता. मग खिडकीजवळच्या मागावर काम करणाऱ्या काकू बोलल्या. त्यांचा भाऊ त्या वाईट वर्षांत शहरात गेला होता, तो तिकडेच वारला. "म्हणजे मधला तुमच्या नवऱ्यानं घालवला," त्या म्हणाल्या, "आणि पूर्वेचा तुम्ही."

दादा ताडकन उठला. "काकू—"

"बस रे," मावशी म्हणाली. "खरं तेच बोलतायत त्या." ती काकूंकडे वळली. "हो. असंच झालंय."

काकूंना बहुधा भांडण हवं होतं. ते मिळालं नाही म्हणून त्या चष्मा पुसत बसल्या.

"मग आता?" मास्तरांनी विचारलं. त्यांचा आवाज एकदम म्हातारा वाटला.

"आता तो माल कामाचा नाही. दांडा मोडतो. जनावरांच्या खाली अंथरायला जाईल, तेवढंच. पण काढावा लागेल, थोडा थोडा, चौकोन पाडून, खाली पाणी दिसेपर्यंत. कडेचं हिरवं आहे त्याला हात लावायचा नाही. तिथून मुळं आत आली तर येतील." ती थोडी थांबली. "नाही आली तर नाही."

"आणि व्यापारी?" दादानं विचारलं.

"जेवढं चालू पट्ट्यांतून निघतं तेवढंच कबूल कर. जास्तीचं आत्ता नाही म्हण. तो थांबला तर ठीक, नाहीतर जाऊ दे."

"जाईल तो."

"जाईल," मावशी म्हणाली. तिच्या आवाजात पहिल्यांदा थोडं काही हललं. मग तिनं राखण खाली ठेवली. दुसऱ्या कुणाकडे द्या म्हणाली. सगळे आपापल्या पायांकडे बघत होते, शाळेत उत्तर येत नसलेल्या मुलांसारखे. कुणालाच ती नको होती. शेवटी मास्तर म्हणाले, "तुमच्याकडेच राहू द्या. मेलंय कुठं आणि जिवंत कुठं, हे तुम्ही बघून आलात. दुसरा कोण सांगणार?"

"मग एक नियम करा. कुठलाच पट्टा लागोपाठ दोन वर्षांहून जास्त निजवायचा नाही. राखण कुणाकडेही असो."

"आणि तुम्हीच पुन्हा नाही म्हणालात तर?"

"तर माझं ऐकायचं नाही."

मास्तर चमकले. राखणीचं ऐकायचं नाही, हे त्या शेडमध्ये आजवर कुणी म्हणालं नव्हतं, आणि ते राखणच म्हणत होती.

"मला सवय लागलीये भीतीची," मावशी म्हणाली. "तिच्या हिशेबानं तळं चालवू नका."

त्या थंडीत जे काम झालं ते कुणालाच आवडलं नाही. विणकर माणसं कमरेइतक्या गार पाण्यात उभी राहून ओल्या गाद्या ओढून काढाव्यात तशी ते थर काढत होती. कापणीआधी दादा रोज दरवाजेवाल्याकडे जाऊन पाणी चढणार की उतरणार ते विचारून यायचा. दरवाजेवाल्याला त्याचा इतका कंटाळा आला की तो लांबूनच हातानं खूण करायला लागला. काही जण दोन दिवस आले आणि मग त्यांच्या पाठी दुखायला लागल्या. काकू मात्र शेवटपर्यंत आल्या. त्या मावशीशी बोलत नसत, पण थराचं एक टोक मावशीच्या हातात असलं तर दुसरं त्यांच्या असायचं. व्यापारी थांबला नाही. त्यानं थोडा माल घेतला आणि मोठं काम दुसरीकडे दिलं. त्या दिवशी घरी जेवताना ताटांचा आवाज तेवढा होत होता. दादानं आईला काही ऐकवलं नाही. ऐकवलं असतं तर तिला बरं वाटलं असतं, असं वहिनी मला नंतर म्हणाली.

पुढच्या सुट्टीत मी गेले तेव्हा साफ केलेल्या काही चौकोनांत कोंब आले होते. सुयांसारखे, विरळ. काहींत नुसतंच पाणी होतं, आणि त्यात ढग दिसत होते. मावशी रोज होडी घेऊन जायची आणि परत आल्यावर काही सांगायची नाही. विचारलं तर "बघू" म्हणायची.

ती थंडी उत्तरेच्या पट्ट्याची होती. तो दोन वर्षं निजलेला होता आणि नियमाप्रमाणे ह्या वेळी त्याला कापायचं होतं. सकाळीच होड्या लागल्या. धुकं अजून पाण्यावर बसलं होतं. मावशी आमच्या होडीच्या टोकाला होती. पट्टा जवळ आला तशी ती पुढे झुकली आणि डोळे बारीक करून दांड्यांकडे बघत राहिली.

"बारीक वाटतायत," ती म्हणाली.

दादानं वल्हं थांबवलं.

"मागच्यापेक्षा बारीक आहेत रे. पाणीही जरा कमीच आहे. मला वाटतं, अजून एक वर्ष..."

शेजारच्या होड्याही थांबल्या. मास्तर, काकू, सगळे तिच्याकडे बघत होते. विळे हातात तसेच होते. दादानं वळून मास्तरांकडे पाहिलं. मास्तरांच्या चेहऱ्यावर फार अवघडलेला भाव होता, जन्मभर पाळलेली रीत मोडायची वेळ आलेल्या माणसाचा.

"ऐकायचं नाही असं ठरलंय, बाई," ते हळूच म्हणाले.

मावशी त्यांच्याकडे बघत राहिली. मग तिनं मान हलवली आणि तोंड पाण्याकडे फिरवलं. पहिला दांडा कापल्याचा आवाज आला, मग दुसरा, मग सगळ्या होड्यांतून. होडीची कड तिनं दोन्ही हातांनी घट्ट धरली होती. कापलेल्या दांड्यांचा पहिला भारा आमच्या होडीत येऊन पडेपर्यंत तिनं ती सोडली नाही. भारा पडला तसा एक हात तिनं त्यावर ठेवला, आणि दुसऱ्या हातानं तो सरळ लावू लागली.